पिवळ्या चोचीचं पाखरू

हॅलो? … हॅलो, कोण बोलतंय? … आवाज फुटतोय. कोण? … सत्या? … आरं, सत्यजीत व्हय! मी मामा. मच्छिंद्र मामा. … व्हय, व्हय, नंबर बरोबर लागलाय तुझा, आईचाच फोन हाय. माझ्या खिशात व्हता म्हणून मी उचलला. एवढंच.

काय? … आरं, बोललास की जरा थांबत जा. तुझं बोलणं आधी आभाळात जातंय, तिथनं हितं उतरतंय, आन् तवर मी बोलाय लागतो. मधीच दोघांची टक्कर व्हती. … हां. … हां, आता आलं.

ए सुलू, सत्याचा हाय. गप ऱ्हा. … न्हाई गं, न्हाई सांगत. तोंडाला पदर लाव आन् बस तिकडं.

तुला न्हाई रे बाबा. हितं एक जण मधी मधी करतंय. तू बोल. … आई? … आई व्हय… आई न्हाई का… आई दौंडला गेलीय. सुलूकडं. सकाळच्या एस्टीनं. … फोन इसरली की. तिचं तुला म्हाईत न्हाई व्हय, चष्मा कपाळावर आन् समद्या वस्तीला इचारत फिरती, माझा चष्मा कुणी बघितला का म्हणून.

आँ? … सुलूचा आवाज आला? … कान लई तिखट झालेत बाबा तुझं, त्या बर्फात ऱ्हाऊन. … आरं मग तेच तर सांगतोय. सुलू हिकडं आली आन् आई तिकडं गेली. चुकामूक. न्हावरा गावाच्या पुढं दोन एस्ट्या समोरासमोर आल्या. हिनं तिला बघितलं, तिनं हिला बघितलं. दोघीबी खिडकीतनं हात हलवत्यात, थांब गं थांब गं करत्यात, आन् दोन्ही डायवर आपलं एकमेकांना हात करून गेलं निघून. कंडक्टर म्हणला, म्हातारे, आता पुढच्या जन्मात भेट लेकीला.

… न्हाई. काय न्हाई. गंमत केली.

हसतोस व्हय? … हस बाबा. हस.

दाजी? … दाजीबी आलेत की सुलूसंगं. कुरकुंभला कंपनीत रजा टाकून आलेत. … का म्हंजी? यावंसं वाटलं, आलं. जावयानं सासुरवाडीला यायला काय कारण लागतं व्हय? … हां, माईकच हाय तो. तुला समदंच ऐकू यायला लागलं. … सभा हाय सोसायटीची. बाळासो बोलतोय. संचालक झाल्यापासनं त्याच्या हातात माईक गेला की लाईट गेल्याबिगर सुटत न्हाई. … नदीवर, व्हय. घोडनदीच्या घाटावर. हॉलात उकडतं म्हणून आवंदा सभा नदीवर घेतली. वारं लागतं, आन् कोण सभासद लईच वाकडं बोलला तर ढकलाया पाणी जवळ हाय.

ते ऱ्हाऊ दे. तू कुठं हाईस ते सांग आधी. … आईलाच सांगायचंय? … मग मला सांग की, मी सांगतो तिला. … पाखरू? कसलं पाखरू? … बरं, पाखराचं मागनं बघू. आधी डोंगराचं सांग. माथ्यावर जाऊन आलास का? … आलास? … आरं शाब्बास रे पठ्ठ्या! … कॅमेराबी नेलास? … समदं घेतलं त्यात. वारं, ढग, उन्हाची तिरीप… हां. … आन् आता? … वरल्याच तंबूत. खाली उतरायचं ऱ्हायलंय. … कसली उतरण? … काचंवाणी बर्फ. … दोराला बांधून. … आन् कवा निघायचंय? … सामान आवरलं की? म्हंजी आजच?

सुलू, उतरायचं ऱ्हायलंय त्याचं. आजच निघतोय. … व्हय, म्हणून तर न्हाई सांगत ना! मला काय अक्कल न्हाई व्हय?

… हाय, हाय. हितंच हाय मी. … काय न्हाई, सुलू म्हणती दादाला म्हणावं जपून उतर.

आवाजाला काय झालंय माझ्या? … कोरडा? … आरं, खोकला झालाय. … खोकला कोरडाच असतोय की. … मी बराय. मी एकदम बराय. जेवतोय, झोपतोय. तुझ्या शिनेमावाणी चाललंय बघ, काय व्हतच न्हाई. … राग नको मानू. पण त्यो शिरूरच्या मंगल कार्यालयात दाखवलास त्यो शिनेमा, आठवतंय का तुला? पैल्यांदा बर्फ. मग आणखी बर्फ. मग ढग आला आन् बर्फबी दिसंना झाला. मागं बसलेली गडीमाणसं म्हणायला लागली, मच्छिंद्रा, हिरो कवा येतोय? मी म्हणलं, कॅमेरा धरलाय त्योच हिरो हाय, म्हणून दिसत न्हाई. … आन् आई. … व्हय. आई तेवढी बोलत व्हती पडद्यासंगं. कड्यावर ती रानमेंढरं उभी व्हती बघ, निळी निळी. तर ही खुर्चीतनं उठली आन् हुर्र, हुर्र, खाली ये मेल्या, पडशील तिथनं! समदं कार्यालय हसाय लागलं. आन् काय सांगू, त्यातलं एक मेंढरू खरंच खाली उतरलं. … तूच तसं घेतलं व्हतंस व्हय? … आसंल. आम्हाला वाटलं तिनंच उतरवलं.

… हां. तिच्या हाकंत व्हतंच ते.

गोष्ट? … आता ह्या येळंला तुला गोष्ट पायजे? … आरं, फोनाला किती पैसं पडत्यात. … बरं. बरं, ऐक. तुझ्या आज्याच्या कळपात एक एडका व्हता. आपलं बिऱ्हाड तवा पाबळच्या माळावर बसलं व्हतं, मेंढरं घेऊन. कुठंच हिरवं न्हाई. तर हा एडका हिरवं कुठं हाय ते बघाया टेकाडावर चढला. तिथनं दिसंना, म्हणून इजेच्या टॉवरावर चढला. टॉवरावरनंबी दिसंना, म्हणून जवळनं एक ढग चालला व्हता त्याच्यावर टाकली उडी. आन् वर गेल्यावर त्याला काय वाटलं, ह्यो ढग म्हंजी आपल्यातलंच कुणीतरी मेंढरू हाय. पांढरं, मऊ. म्हणून प्रेमानं त्याचा कान चाटाया गेला आन् भुकंपोटी कडच खाल्ली ढगाची. त्या साली पाऊस निम्मा पडला त्यो त्यामुळं. मामलेदारानं पंचनामा केला व्हता. … आन् मग खाली समदे हाका मारून दमले. आजा, मी, कुत्री. एडका काय उतरंना. तवा आई पुढं झाली. एवढीशी व्हती, परकरातली. तिनं तोंडाला दोन्ही हात लावून हाक मारली आन्…

… आन् मग…

पुढचं इसरलो बघ. … खरंच इसरलो. … व्हय, मी गोष्ट इसरलो. म्हातारा झालो, इसरू नये व्हय?

काय ऐकलंस? … कावळा? … कोण म्हणलं? … गुरुजी. … आरं… हां. बरं, खरं सांगतो. सभा न्हाई. दहावा हाय. … कुणाचा? … ते… सगुणाबाईचा. … व्हय, आपली शेजारची सगुणाबाई. गेली बिचारी. … वय झालं व्हतं रे. … न्हाई, तरास काय न्हाई झाला. सकाळी चुलीम्होरं बसली व्हती. भाकरी थापता थापता कलंडली. तव्यावरली भाकर करपल्याचा वास आला तवा आम्हाला कळलं.

आहो सगुणाबाई, असं डोळं वटारून बघू नका. ह्यानं आयुष्य वाढतं. … घटकाभर मेलात म्हणून काय बिघडलं? बसा, बसा.

… हाय, हाय. हात पडला व्हता फोनवर. … आईला? … न्हाई, आईला काय वाईट… तिला काय वाटत न्हाई आता.

कावळा? … न्हाई रे शिवत. तेच तर झालंय. ऊन वर आलं तवा पिंड ठेवलाय, अजून शिवला न्हाई. … रविराज बसलाय पिंडाला, डोकं भादरून. … सगुणाबाईचं कोण हाय आता करायला, वस्तीतला म्हणून तुझ्या चुलतभावालाच बसवला. … ठेवलंय की समदं. बाजरीची भाकर ठेवलीय, शेंगाची चटणी ठेवलीय, मेथी. मिसरीची डबी ठेवलीय. … व्हय. आईचंबी तेच. दोघींचं एकच व्हतं आवडीचं.

समोर चिंचंवर रांगच लागलीय कावळ्यांची. टकामका बघत्यात, एकबी खाली उतरंना. … म्हणून बघितलं ना. सुलू म्हणली, मी हाय, काळजी करू नको. मी म्हणलं, ऱ्हायलेली मेंढरं इकत न्हाई. आन् बाळासो माईकवर म्हणला, वस्तीचा रस्ता डांबरी करून देतो, तर व्हते तेबी कावळे उडून मागच्या लिंबावर जाऊन बसले. … खरंच. इचार कुणालाबी.

गुरुजी म्हणत्यात, म्हातारीचा जीव पोरात अडकलाय. पोराचं काय तरी मनात ऱ्हायलंय तिच्या. … आँ? … व्हय की. सगुणाबाईला कुठं पोरगं हाय. … गुरुजी बाहेरचे हाईत रे, त्यांना काय म्हाईत. … आता ते दर्भाचा कावळा करून शिववतो म्हणत्यात. गवताचा. त्यांना दौंडला दुसऱ्या दहाव्याला जायचंय, घाई हाय त्यांना.

काय पाठवतोस म्हणलास? … तुझ्याकडनं? … हसायला काय झालं, नीट सांग की. … त्यो तुझा कावळा पाठवतोस?

… कसला तुझा कावळा?

… ते पाखरू… म्हंजी कावळा व्हय?

थांब. थांब जरा सत्या. मी मधी बोलत न्हाई. पैल्यापासनं सांग.

… डोंगरकावळा. … हां. … चोच पिवळी. पाय लाल. बाकी समदा काळा, आपल्यावाणीच. … एवढ्या वर? तिथं तर माशीबी नसंल. … हां. … इतकं दिस कॅमेरा लावून बसला व्हतास, आन् त्यो जवळ यीना. लांबनंच घिरट्या घालायचा. … बर्फाच्या वर जे जगतं त्याचाच शिनेमा हाय, आन् तेच यीना. … हां. … आन् आज.

… तंबूच्या तोंडाशी. आपणहून.

… काय टाकलंस त्याला? … भाकर. … कुणाची?

… वाळवलेली. आईची. निघताना फडक्यात बांधून दिली व्हती ती. मेंढरामागं जाणाऱ्याला देत्यात तशी. … शेवटचा चतकोर. माथ्यावरनं उतरलो की खाईन म्हणून ठेवला व्हतास. … आन् खायाच्या आधी, पैला घास पाखराला, आई सांगती तसं… हां. आई रोज टाकती भिंतीवर. … टाकायची.

… आन् खाल्ला. … एक घास टाकलास, मग समदाच चतकोर दिलास. … समदा खाल्ला त्यानं. … उडाला न्हाई? … बसला व्हता. तुझ्याकडं बघत. … कॅमेऱ्यात हाय समदं.

… कवा म्हणलास? … ऊन वर आलं तवा.

आन् हेच सांगाया आईला फोन लावलास.

…

हाय. … हाय मी. … बोलतो. बोलतो, थांब.

गुरुजी, ते गवत जरा खाली ठेवता का. … घटकाभर. पाया पडतो.

सुलू, सांगणार मी त्याला. … न्हाई. आता न्हाई गप ऱ्हाणार. आगं, घास त्याच्या हातनं दिला गेलाय, आन् त्यालाच ठाऊक न्हाई. असं कसं चालंल? … तू ये हितं. माझ्याजवळ ये.

सत्या. तिथं तुझ्यासंगं कोण हाय? … पासांग. त्यो मागं आला व्हता त्योच व्हय, आईच्या हातचं कालवण तीन येळा घेतलेला? … त्याला तंबूत बोलाव. … बोलाव म्हणतो ना. … आला? तुझ्याजवळ बसव त्याला. … बरं. आता मला शब्द दे, आज त्या काचंवर पाय टाकायचा न्हाई. … का ते सांगतो की. आधी शब्द. … उद्या हवा कशी हाय? … बरी हाय ना, मग उद्या उतरा. … कुणाची शपथ? … न्हाई, आईची नको. दुसऱ्या कशाची तरी घे. … कॅमेऱ्याची? … हां. चालंल.

सगुणाबाई जिती हाय. हितंच बसलीय.

दहावा तुझ्या आईचा हाय.

…

न्हाई. … न्हाई सत्या, गोष्ट न्हाई ही. … हसू नको. … आरं, हसू नको रे बाबा. … व्हय, मीच एडका ढगावर चढवला. व्हय, मीच दोन एस्ट्या समोरासमोर आणल्या. पण ही न्हाई गोष्ट. … आरं, गोष्ट असती तर मी असली केली असती का? मी तिला हत्तीवरनं नेली असती. निम्मा तालुका मागनं चालवला असता, नदी दुभंगवली असती. एवढीशी, चुलीम्होरं, कुणाला हाक न मारता गेली… असली गोष्ट मी जन्मात कवा सांगितलीय का तुला?

सुलू, धर. बोल त्याच्याशी. … आगं, काय तरी बोल. नुसतं दादा म्हण. … ऱ्हाऊ दे. ऱ्हाऊ दे, नको बोलू.

ऐकलंस? … माझ्या बोलण्यावर नको ठेवू इस्वास, तिच्या रडण्यावर ठेव.

…

हाईस ना? … बस. बस तसाच. मी काय बोलत न्हाई.

…

पासांग हाय ना जवळ? … हां.

… निरोप धाडला व्हता रे. तुमच्या त्या काठमांडूच्या हापिसात. ते म्हणले, वर चढलाय, उतरल्यावर सांगतो. आन् मग आम्हीच म्हणलं, तवाच सांगा. असलं डोक्यात घेऊन तू दोरावर लटकणार… सुलू तर हात जोडत व्हती. … व्हय, तुझा राग बरोबर हाय. कर राग. … अग्नी रविराजनं दिला. तुझं नाव घेऊन दिला. मी शेजारी उभा व्हतो.

… न्हाई, दुखलं न्हाई तिला. ते खरं हाय. डॉक्टर म्हणला, कळलंसुदिक नसंल. … हातावर पीठ व्हतं. ते मी पुसलं न्हाई. तसंच ऱ्हाऊ दिलं.

चौकात फ्लेक्स लावलाय बाळासोनं. कै. कस्तुरा यांना भावपूर्ण श्रद्धांजली. फ्लेक्सवाल्याला मागं टाकाया काय गावलं न्हाई, म्हणून त्यानं तुझ्या शिनेमाच्या पोस्टरवरला डोंगर टाकलाय. आई बर्फात उभी हाय. हिरवं लुगडं, अनवाणी. मी येता जाता बघतो आन् वाटतं, हिला हुडहुडी भरंल, कुणीतरी घोंगडं टाका हिच्या अंगावर. … हां. तू दाखवतो दाखवतो म्हणला व्हतास बर्फ. ते झालं बघ असं.

मी? … न्हाई. रडलो न्हाई. … यीना रे. थोरली भण माझी, मला कडंवर घेऊन मेंढरं राखली तिनं, आन् डोळ्याला टिपूस न्हाई. दाढी करताना गाल कापला, सुलूनं रगत दाखवलं तवा कळलं. च्याला चव लागत न्हाई. लोक येत्यात, गळ्यात पडत्यात, मी त्यांच्या पाठीवर थापटतो. हात थापटतोय ते दिसतं नुसतं, कळत न्हाई. … तू सांगितलं व्हतंस बघ, तुझं बोट गारठलं व्हतं तवा. पांढरं पडलं की दुखत न्हाई म्हणला व्हतास, ऊब लागली की जीव जातो. … तसं हाय. अजून लागली न्हाई ऊब.

काय म्हणलास? … परत म्हण. … हां.

… हां. मीबी तेच म्हणतोय. शिवला की रे. हितल्यानं न्हाई शिवला, तिथल्यानं शिवला. तुझ्या हातनं, तिच्या हातची भाकर. आम्ही हितं पिंड ठेवला तवाच. … हितले कावळे का उतरंनात, आता कळलं. त्यांना ठाऊक व्हतं, आपलं काम न्हाई हे. … रडतोस व्हय? … रड. तुला तरी येतंय.

गुरुजी! गुरुजी, ते गवत टाका नदीत. शिवलाय कावळा. … कुठं म्हंजी? वर. … चिंचंवर न्हाई हो, वर! हिमालयात. … पिवळ्या चोचीचा. लाल पायाचा. … कस्तुराच्या हातची भाकर खाल्ली त्यानं, समदा चतकोर. सत्याच्या म्होरं. … बाळासो, हसू नको. माईक बंद कर आधी, हसणं पार बाजारापर्यंत ऐकू जातंय. … आहो, मी दहाव्याला कशाला… आज न्हाई! आज शपथ घेऊन सांगतो. माझ्या भणीचा दहावा हाय हो.

बघ. बघितलंस का सत्या? म्हणत्यात, मच्छिंद्रानं दहावाबी सोडला न्हाई. … रविराज मान खाली घालून बसलाय, त्याचंबी खांदं हलत्यात. … न्हाई, मी कुणावर रागावत न्हाई. ढगाची कड एडक्यानं खाल्ली हे ह्या बाळासोनं पोराबाळांना खरं म्हणून सांगितलंय. पाबळला जाऊन त्यो टॉवर दाखवून आलाय. आन् आज एवढं साधं, एका पाखरानं भाकर खाल्ली, तर पटत न्हाई कुणाला.

सुलू, तुला तरी पटतंय का गं? … हां.

तिला पटतंय, म्हणती. पण ती काय, ती लेक हाय.

तूच सांग. … हां, तू सांग ह्यांना. मी फोन मोठ्या आवाजावर करतो. … कुठलं बटन गं सुलू? … हे? … झाला. … बाळासो, आण त्यो माईक हिकडं. हितं फोनला धर. धर नीट, हलवू नको. … आता बोल सत्या. समदा घाट ऐकतोय. लई काय नको. भाकर कुणाची व्हती आन् कुणी खाल्ली, एवढंच.

… काय? बॅटरी? … लाल दिवा? … मग ते ऱ्हाऊ दे, आधी हे बोल. … सत्या? …

हॅलो? … हॅलो?

न्हाई गुरुजी, हाय त्यो, हाय. त्याचं बोलणं उशिरा येतं. लई वरनं यायचं असतं त्याला. … हॅलो? … बाळासो, माईक नको काढू.

सुलू, हात सोडू नको गं माझा. … किती गरम हाय तुझा हात. … आगं… आई गं. … न्हाई, न्हाई, सोडू नको. दुखू दे.

बसा हो, समदे बसा. उठू नका कुणी. … थांबू जरा. … येईल.